आन्सेल्मोंची सही

आन्सेल्मो आमच्याकडे आले, की बसायच्या आधी दिवे मालवायचे. विचारायची वगैरे पद्धत नाही. दारात कोट काढला, की हात थेट बटणावर. छतातले सहाच्या सहा एलईडी बंद. मग कोपऱ्यातला उभा दिवा लावायचा, त्याचं तोंड भिंतीकडे वळवायचं, खुर्चीत टेकायचं आणि म्हणायचं, "आता इथे माणसं राहतात. मघाशी ऑपरेशन थिएटर होतं."

आयर्लंडमधल्या डून लेरी या किनाऱ्यावरच्या गावी आम्ही राहायला आलो, त्याच्या तिसऱ्या दिवशी त्यांनी आमची बेल वाजवली होती. दारात उंच, वाकलेला, पांढऱ्या मिशांचा माणूस. वय ऐंशीच्या पुढे.

"तुमच्या किचनचा दिवा माझ्या जिन्यात येतो," ते म्हणाले. "त्याबद्दल तक्रार नाही. पण त्या दिव्यात तुम्ही दोघंही फार आजारी दिसता. खरंच आजारी आहात का?"

माझा नवरा निखिल डॉक्टर आहे. तो इतका हसला, की त्याने त्यांना आत बोलावून चहा पाजला. त्या चहाच्या वेळी आम्हाला कळलं, की शेजारचे हे आजोबा मेक्सिकोचे, आणि तिथे पंचवीस वर्षं सिनेमाचे कॅमेरामन होते. तीसेक सिनेमे केलेले. मोठमोठ्या नटनट्यांचे चेहरे यांनी उजळलेले. त्यांची बायको मेव्ह मूळची इथलीच. मेक्सिको सिटीत इंग्रजी शिकवायला गेली होती. तिची आई अंथरुणाला खिळली म्हणून दोघं मुलीला घेऊन इकडे आले आणि इकडचेच झाले. इथे कोणी त्यांना सिनेमा दिला नाही, त्यांनी मागितलाही नाही. गावातल्या एका फोटो धुवायच्या दुकानात ते लागले. लोकांच्या सुट्ट्यांचे, बारशांचे, कुत्र्यांचे फोटो त्यांनी ते दुकान बंद पडेपर्यंत धुतले. मेव्ह आम्ही येण्याआधीच गेली होती. मुलगी नोरा मलिंगारला शिक्षिका. दर रविवारी यायची.

माझं नाव वैदेही. त्यांच्या तोंडात ते "बाइदेई" झालं आणि तसंच राहिलं.

हातावर उजेड बघायची त्यांना सवय होती. बोलता बोलता तळहात समोर धरायचे आणि सावकाश फिरवायचे, बायका बांगडी बघतात तसा. ढग आला, गेला, की हात वर. "आयर्लंडच्या उजेडाला निर्णय घेता येत नाही," असं म्हणायचे. आणि दुसरं एक वाक्य मी त्यांच्याकडून इतक्यांदा ऐकलं, की माझी मुलगी सई त्यांची नक्कल करायची: "आधी सावली ठरवायची. उजेड मग येतोच."

रोज दुपारी ते किनाऱ्यावरच्या बाकावर जाऊन बसत, समुद्राकडे पाठ करून. शहरातून डार्टने, म्हणजे इथल्या लोकल गाडीने, लोक समुद्र बघायला यायचे आणि हे त्या लोकांचे चेहरे बघत बसायचे. एकदा मी विचारलं. म्हणाले, "समुद्राला अभिनय येत नाही."

मला नवल वाटायचं ते वेगळ्याच गोष्टीचं. या कॅमेरामनच्या घरात एकही फोटो नव्हता. भिंतीवर मेव्हचासुद्धा नाही. सईच्या वाढदिवसाला सगळ्यांचा मिळून फोटो काढा म्हणून मी त्यांच्या हातात फोन द्यायला गेले, तर त्यांनी दोन्ही हात पाठीमागे नेले. लहान मूल औषधाला नाही म्हणतं तसे. "ते काम मी आता करत नाही," एवढंच म्हणाले. आणि केक न खाता घरी गेले.

अकोल्याहून माझी आई सहा महिन्यांसाठी आली, तेव्हा या दोघांचं फार जमलं. आईने खिडकीत कुंडीत हिरव्या मिरच्या लावल्या. पहिली मिरची लागली ती तिने आन्सेल्मोंना दिली. त्यांनी ती कच्ची, देठापर्यंत खाल्ली, डोळ्यांत पाणी आलं आणि स्पॅनिशमध्ये बरंच काही बोलले. आईला एक शब्द कळला नाही. तिने वऱ्हाडीत उत्तर दिलं. पुढे सहा महिने दोघं असंच बोलत होते, आणि भांडतसुद्धा होते.

"काऊन वं," आई मला म्हणाली, "ह्या मानसाच्या घरात कोनी नाई. हा जेवते काय?"

मग रोज दुपारी आईचा एक डबा पलीकडे जाऊ लागला. परत येताना तो धुतलेला यायचा आणि आत संत्रं नाहीतर बिस्किटं असायची.

त्यांचा दुसरा चेहरा मी त्याच वर्षीच्या दिवाळीत पाहिला. दुपारची वेळ. बाहेर नेहमीची भुरभुर. निखिलने पुढच्या अंगणात माळा सोडल्या होत्या आणि एक्स्टेन्शन बोर्ड प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळून गवतावर ठेवला होता. आई दारातली रांगोळी पुसून नवी काढण्यासाठी बादलीने पाणी ओतत होती. ते ओघळ बोर्डाकडे निघाले होते. आन्सेल्मो संत्री घेऊन फाटकातून आत आले आणि ओरडले. इतका मोठा आवाज त्या माणसात असेल असं मला वाटलं नव्हतं. संत्री टाकून, लंगडत ते आत धावले, घरातला प्लग ओढून काढला, वायर हाताला गुंडाळत बाहेर आले आणि निखिलच्या अंगावर गेले. त्या वेळी ते इंग्रजी विसरले होते. नुसतं स्पॅनिश. ओठांच्या कडेला फेस आला होता. निखिल बोर्डाकडे बोट दाखवून, पिशवी आहे, पिशवी आहे, असं सांगत होता.

मग आन्सेल्मो अचानक थांबले. वायर जमिनीवर ठेवली. आईकडे बघून मान झुकवली आणि निघून गेले. आई संत्री गोळा करत राहिली. "भेला होता तो," ती म्हणाली. "रागावला नव्हता. भेला होता."

फेब्रुवारीत मेक्सिकोहून पत्र आलं. तिथल्या एका चित्रपट संग्रहालयाने आन्सेल्मोंचा एक जुना सिनेमा दुरुस्तीला घेतला होता. जुनी निगेटिव्ह स्वच्छ करून सिनेमा पुन्हा नवा करायचा, असं ते काम. रंग आणि उजेड मूळचे होते तसेच आलेत का, हे ज्याने चित्रण केलं त्याच्याकडूनच तपासून घेतात. तो हयात असला तर. आन्सेल्मो ते पत्र घेऊन माझ्याकडे आले. मी सॉफ्टवेअरमध्ये काम करते म्हणून.

"हे लोक मला कॉम्प्युटरवर भेटायचं म्हणतात," ते म्हणाले. "तू लावून देशील?"

"कुठला सिनेमा?"

त्यांनी नाव सांगितलं नाही. "पावसाचा," म्हणाले.

तिथली सकाळ म्हणजे आपली दुपार. त्यांच्या टेबलावर मी माझा लॅपटॉप लावला. मला स्पॅनिश येत नाही, म्हणून बोलणं ऐकून खाली इंग्रजीत लिहून दाखवायची सोय असते ती चालू केली. काही बिघडलं तर कळावं, इतकाच हेतू. आन्सेल्मोंना मी तसं सांगितलं. ते म्हणाले, "राहू दे. बस तू."

पडद्यावर हिमेना नावाची एक चाळिशीची बाई आली. हसरी, आदराने बोलणारी. प्रत्येक वाक्यात माएस्त्रो, म्हणजे गुरुजी. तिने एकेक दृश्य दाखवायला सुरुवात केली. आन्सेल्मो सांगायचे, "इथे सावली अजून गडद. ही भिंत पिवळी नको." तासभर ते चाळीस वर्षांनी लहान झाले होते. मी पहिल्यांदाच त्यांचं काम पाहत होते. मला त्यातलं काही कळत नाही, पण त्या चेहऱ्यांवरून नजर हलत नव्हती.

मग चर्चचं दृश्य आलं. दगडी दरवाजा, मुसळधार पाऊस, दारात एक बाई भिजत उभी. एक माणूस तिला सोडून निघून चाललाय. अचानक तिच्या चेहऱ्यावरचा उजेड थरथरला, गेला, परत आला, आणि पूर्ण गेला. बाईने चमकून आभाळाकडे पाहिलं. मग अंधार.

हिमेनाने चित्र थांबवलं. "माएस्त्रो, ही वीज चमकते ती जागा. विद्यार्थ्यांना आम्ही हे दृश्य शिकवतो. पण उजेड जरा असमान आहे. तो तसाच ठेवायचा, की सारखा करून घेऊ?"

आन्सेल्मोंनी माझं मनगट धरलं.

"ती वीज नाही," ते म्हणाले. "तो फेर्मिन आहे."

त्यांचं बोलणं आधी ऐकू यायचं आणि दोन सेकंदांनी खाली अर्थ उमटायचा. ते थांबलेले असायचे, आणि मी तेव्हा वाचत असायचे.

फेर्मिन हा त्यांचा दिव्यांचा प्रमुख. वीस वर्षांचा सोबती, त्यांच्याहून सहा-सात वर्षांनी मोठा. आगीच्या बंबाने पाऊस पाडला होता. दोन टेक झाले होते. दुपार उतरत होती, ढगांचा जो उजेड हवा होता तो सरत चालला होता. फेर्मिन येऊन म्हणाला, "माएस्त्रो, केबलचे जोड पाण्यात आलेत. अर्धा तास द्या, खोक्यांवर उचलून घेतो." आन्सेल्मो म्हणाले, "अर्ध्या तासाने उजेड नसेल." फेर्मिनने आभाळाकडे पाहिलं, "बरं" म्हणाला, आणि चर्चच्या भिंतीमागे पाण्यात उतरून मोठा दिवा हाताने धरला. टेक सुरू झाला. भिंतीमागे काय झालं ते कोणालाच दिसलं नाही. दिसली ती नटीच्या चेहऱ्यावरची थरथर. तिला वाटलं खरीच वीज. दिग्दर्शक खूश झाला. कट म्हटल्यावर लोक टाळ्या वाजवत होते.

"तोच टेक सिनेमात आहे," आन्सेल्मो म्हणाले. "त्याचंच मला बक्षीस मिळालं."

हिमेना रडत होती. आन्सेल्मोंचं सांगून संपलं नव्हतं.

दोन दिवसांनी निर्मात्यांचा वकील एक कागद घेऊन आला. फेर्मिन त्या दिवशी प्यायलेला होता आणि कोणाला न विचारता त्याने दिवा हलवला, असं त्यात लिहिलं होतं. सही झाली नसती तर चौकशी लांबली असती, सिनेमा अडकला असता. नाश्त्याचं टेबल होतं. आन्सेल्मोंनी कप बाजूला सरकवला आणि सही केली.

"तो प्यायलेला नव्हता," ते म्हणाले. "सकाळी आम्ही दोघांनी कॉफी घेतली होती."

"म्हणून तुम्ही सिनेमा सोडलात?" हिमेनाने विचारलं.

"नाही," ते म्हणाले. "त्यानंतर मी अकरा सिनेमे केले. चांगले केले. लोकांना वाटतं मन लगेच खायला लागतं. तसं नसतं."

तो उजेड तसाच ठेवायचं ठरलं. सिनेमाच्या सुरुवातीला फेर्मिनचं नाव आणि तो कसा गेला हे लिहायचं, असंही हिमेनाने कबूल केलं. आन्सेल्मोंनी तिला एकच गोष्ट मागितली: फेर्मिनच्या घरचं कोणी असेल तर शोधून दे. तीन आठवड्यांनी तिचा निरोप आला. बायको वारलेली. तेरेसा नावाची मुलगी आहे, साठीची, एका शाळेच्या स्वयंपाकघरात काम करते.

आन्सेल्मोंनी हाताने पत्र लिहिलं. चार दिवस लागले. मी ते स्कॅन करून हिमेनाकडे पाठवायचं होतं. पत्र मी वाचलं नाही, वाचता येतही नव्हतं. पण पाठवण्याआधी मी थांबले आणि म्हणाले, "नोराशी एकदा बोलून बघू या का?"

"नोराला माहीत नाही," ते म्हणाले. "मेव्हलाही माहीत नव्हतं. पाठव."

मी पाठवलं.

तेरेसाने उत्तर लिहिलं नाही. मला त्यांचा चेहरा बघायचाय, असा निरोप दिला. पुन्हा दुपार, पुन्हा लॅपटॉप. आन्सेल्मोंनी कोट घातला होता आणि दाढी करताना गालावर कापून घेतलं होतं. त्यांनी खोलीतले सगळे दिवे लावले.

तेरेसा जाडशी बाई होती. पांढरे केस घट्ट बांधलेले. मागे भिंतीवर देवाची तसबीर आणि काही फोटो. ती खूप वेळ नुसती बघत राहिली.

"तुम्ही अंत्ययात्रेला आला होता," ती म्हणाली. "पेटीला खांदा दिला होता. तुमचा तपकिरी कोट होता. मी तेव्हा सोळा वर्षांची होते. आठवतंय मला."

"हो."

"तेव्हा सही झाली होती?"

आन्सेल्मोंनी डोळे मिटले. "त्याच दिवशी सकाळी."

तिने मान हलवली. "बाबा प्यायलेले नव्हते हे सांगायला तुम्ही पत्र लिहिलंत. आम्हाला ते माहीत होतं. बाबांच्या पोटात अल्सर होता. घोटभर घेतली तरी रक्त पडायचं. आईला माहीत होतं, मला माहीत होतं. गल्ली तिला दारुड्याची बायको म्हणायची, तरी तिला माहीत होतं. आम्हाला तुमच्याकडून काही कळायचं राहिलं नव्हतं."

ती उठली. भिंतीवरून एक फोटो काढून आणला आणि पडद्यासमोर धरला. दोन तरुण माणसं, एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून हसणारी. एक आन्सेल्मो होते. मिशा काळ्या.

"आई दर वर्षी बाबांच्या दिवशी यांच्यासमोर मेणबत्ती लावायची. म्हणायची, सगळे पळाले, पण हा खांदा द्यायला आला. ती गेल्यावर मी लावायला लागले. आमच्याकडे तेवढंच होतं. बाबांचा एक चांगला मित्र होता, एवढंच. ते तरी राहू द्यायचं होतं."

तेरेसाने फोटो टेबलावर उलटा ठेवला.

"तो उजेड बाबांचा आहे," ती म्हणाली. "त्या सिनेमावरून तुमचं नाव काढा."

पडदा काळा झाला.

दुसऱ्याच दिवशी त्यांनी मला लॅपटॉपवर पुन्हा हिमेनाला लावून द्यायला सांगितलं. माझं नाव काढा. ती पुन्हा पुन्हा सांगत होती, माएस्त्रो, तसं करता येत नाही, जे जसं होतं तसं जपायचं असतं, तुमचं नाव हा त्या सिनेमाचा भाग आहे. त्यांनी विनवण्या केल्या. ओरडले. शेवटी ती म्हणाली, "मी खोटं कसं लिहू?" तेव्हा त्यांनी लॅपटॉप मिटला.

मी हे सगळं आईला फोनवर सांगितलं. ती तोवर अकोल्याला परतली होती. "मंग सांगतलंच काऊन?" ती म्हणाली. "मरेपावतर गप बसाचं होतं." मग म्हणाली, "नाई. बरंच केलं. मले काई समजत नाई पोरी. जेवते का तो?"

ते जेवत नव्हते. मी डबा द्यायचे, तो तसाच फ्रिजमध्ये जायचा. बाकावर जाणं बंद झालं. एका रविवारी त्यांनी नोराला सगळं सांगितलं, आणि ती आमच्या दारात आली. आत ये म्हटलं, तर उंबऱ्याबाहेरच उभी राहिली.

"आई गेली तेव्हा बाबा रडले नव्हते," ती म्हणाली. "आता रोज सकाळी रडतात. त्यांना चौऱ्याऐंशी वर्षं पूर्ण झालीत, वैदेही. तू फक्त लॅपटॉप लावून द्यायला गेली होतीस ना?"

त्यांनी सांगितलं आणि मी बटण दाबलं, हे खरं. थांबवता आलं असतं, हेही खरं. आणि थांबवलं असतं तर बरं झालं असतं का, हे मला माहीत नाही.

जूनमध्ये त्यांना अर्धांगाचा झटका आला. बोलणं परतलं, पण गोष्टी एकमेकींत मिसळायला लागल्या. नोराने त्यांना मलिंगारजवळच्या एका वृद्धाश्रमात नेलं. शेजारच्या घराला 'भाड्याने देणे आहे' असा बोर्ड लागला आणि महिन्याभरात तिथे एक तरुण जोडपं राहायला आलं.

ऑक्टोबरात मी त्यांना भेटायला गेले. दुपारच्या जेवणाची वेळ होती. मोठ्या खोलीत टीव्ही चालू होता, कोणी बघत नव्हतं. आन्सेल्मो चाकांच्या खुर्चीत होते. कोणीतरी त्यांच्या मिशा काढून टाकल्या होत्या, त्यामुळे मला ते पटकन ओळखू आले नाहीत. त्यांनी तर मला ओळखलंच नाही. मी खुर्ची ओढून समोर बसले, नाव सांगितलं. त्यांनी माझा हात हातात घेतला आणि अगदी स्पष्ट इंग्रजीत म्हणाले, "मी खोट्या कागदावर सही केली. फेर्मिन प्यायलेला नव्हता."

"मला माहीत आहे," मी म्हटलं.

"सकाळी आम्ही कॉफी घेतली होती."

"हो. माहीत आहे मला."

त्यांना न्यायला तिथली देखभाल करणारी एक बाई आली. गुबगुबीत, प्रेमळ, तिथलीच. त्यांच्या खांद्यावर थोपटत मला म्हणाली, "हे सगळ्यांना सांगतात. मला, डॉक्टरांना, परवा तर पोस्टमनला. कुठल्यातरी सिनेमातली गोष्ट डोक्यात बसलीय बिचाऱ्यांच्या. त्यांना वाटतं आपल्याच बाबतीत घडली."

"ते खरं आहे," मी म्हणाले. "तसंच झालं होतं."

तिने माझ्याकडे पाहिलं. मग माझ्याही खांद्यावर तसंच थोपटलं. "असेलच की गं," ती म्हणाली, आणि सूप गार होतंय म्हणून खुर्ची ढकलत त्यांना घेऊन गेली.

टेबलाशी एक म्हातारी गळ्यात रुमाल बांधून बसली होती. आन्सेल्मो तिच्याकडे वाकले. एवढ्या अंतरावरून मला शब्द ऐकू आले नाहीत, नुसते ओठ हललेले दिसले. तिने ऐकून घेतलं, मान डोलावली आणि चमचा उचलत, इथले लोक 'छान, ठीक' या अर्थी येता-जाता म्हणतात तसं, मोठ्याने म्हणाली, "ग्रँड. ग्रँड."